त्याच नावाचा दुसरा गायक

विमानतळावर ज्यांना घ्यायला मी गेले होते ते मला सापडले नाहीत. त्यांनीच मला शोधून काढलं. माझ्या हातात पाटी होती. पाटीवर इंग्रजीत त्यांचं नाव आणि नावाखाली फोटो. कपाळावर केसांची एक बट, नजर थोडी बाजूला, थोडा दुःखी आणि थोडा महागडा चेहरा. तो चेहरा मी बाहेर येणाऱ्या गर्दीत शोधत होते. तेवढ्यात साठी उलटलेले, अंगाने बारीक, फिकट निळा शर्ट घातलेले एक गृहस्थ समोर येऊन थांबले. खांद्याला कापडी पिशवी. त्यांनी पाटीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, परत पाटीकडे पाहिलं आणि शांतपणे इंग्रजीत म्हणाले, "नाव माझंच आहे."

"सॉरी सर," मी म्हणाले. "फोटो जरा जुना लागलाय."

"माझा तर याहून जुना आहे," ते म्हणाले.

मी हसले. कलावंत माणूस, पहिल्याच वाक्याला विनोद करतोय, म्हणजे दोन-तीन दिवस बरे जाणार, असं मला वाटलं. तो विनोद नव्हता, ती माहिती होती. त्या मुक्कामात त्यांनी मला जे जे सांगितलं ते शब्दशः खरं होतं आणि मी त्यातल्या प्रत्येक गोष्टीला विनयशीलपणा समजत होते.

मी दुबईत अल कुसैसमधल्या एका इव्हेंट कंपनीत काम करते. कंपनी म्हणजे खाली गोदाम, वर ऑफिस. गोदामात स्टेजचे तुकडे, लाल गालिच्यांच्या गुंडाळ्या, प्लायवूडच्या खोट्या भिंती. वर आम्ही सात-आठ जण आणि आमचे साहेब. साहेब मूळचे नाशिकचे. क्लायंटसमोर ते मला 'मॅडम' म्हणतात, एरवी नावाने हाक मारतात आणि अडचणीत आले की 'ताई' म्हणतात. मला त्यांच्या आवाजावरूनच कळतं की आज मी कोण होणार आहे.

त्या वेळी आमच्याकडे एका बिल्डरचं काम आलं होतं. अजमानला समुद्राकाठी एक टॉवर व्हायचा होता. अजून तिथे खड्डासुद्धा नव्हता, पण फ्लॅट विकायला काढले होते. हाँगकाँगहून पैसेवाली, निवृत्तीला आलेली मंडळी आणून, त्यांना दुबईच्या हॉटेलात चार दिवस ठेवून, जेवू-खाऊ घालून फ्लॅट दाखवायचे असा बेत होता. दाखवायचे म्हणजे पडद्यावर. बिल्डरच्या मार्केटिंगच्या माणसाने सांगितलं, यांना यांच्या भाषेतला कुणी मोठा स्टार आणा. साहेब म्हणाले, "इन्शाल्ला, हो जाएगा." आणि खरंच झालं. साहेबांचा प्रदर्शनात ओळख झालेला एक एजंट हाँगकाँगला होता. त्याला साहेबांनी नाव सांगितलं. ज्याचे सिनेमे आमच्या घरीही टीव्हीवर लागतात, ज्याची गाणी चिनी वस्तीत टॅक्सीवालेही गुणगुणतात म्हणे, असा कँटोनीज गायक-नट. एजंटने सांगितलं, मिळेल. साहेबांना वाटलं होतं त्याहून कितीतरी सहज मिळाला. तिथेच कुणाच्या तरी मनात पाल चुकचुकायला हवी होती. पण आमच्या धंद्यात काम सहज झालं की माणूस कारण विचारत नाही, पुढच्या कामाला लागतो.

व्हिसाच्या वेळी पासपोर्टवर वेगळंच, तीन अक्षरी चिनी नाव निघालं. ऑफिसातल्या मुलाने विचारलं, हे कसं काय? साहेब म्हणाले, "अरे, इंग्लिश नाव स्टेजचं असतं त्यांचं." तेही बरोबरच होतं.

गाडी मीच चालवत होते. पाहुण्यांना बरं वाटावं म्हणून म्हणाले, "तुमचा तो पोलिसाचा सिनेमा माझ्या नवऱ्याला फार आवडतो. लागला की पाहतो."

"चांगला आहे," ते खिडकीबाहेर बघत म्हणाले. "मीही दोनदा पाहिलाय. मी नाहीये त्यात."

मी मनात म्हटलं, काय हा माणूस! भूमिकेत इतका शिरतो की स्वतःला त्यात धरतही नाही.

हॉटेलच्या लॉबीत आम्ही माणसाच्या उंचीचा पुठ्ठ्याचा स्टँडी उभा केला होता. तोच फोटो, तीच बट, मागे अजमानचा समुद्र आणि नसलेला टॉवर. त्याच्यासमोर ते बराच वेळ उभे राहिले. हात मागे बांधलेले, एखाद्या लग्नात जुन्या नातेवाइकाचा फोटो पाहावा तसे. मग म्हणाले, "चांगला आलाय. याला हा फोटो आवडतो."

'याला' म्हणजे कुणाला हे मी विचारलं नाही. इंग्रजी त्यांचीही नाही, माझीही नाही, होतं असं कधी कधी, असं समजून मी रिसेप्शनवर चावी घ्यायला गेले.

दुसऱ्या दिवशी रिहर्सल होती. साहेब स्वतः आले. बरोबर बुके आणि त्यांची बायको. वहिनींनी फोटो काढून घेतले. साहेबांनी त्या पोलिसाच्या सिनेमातलं गाणं गाण्याची फर्माईश केली.

"येतं मला ते," पाहुणे म्हणाले. "पण ते माझं नाही."

"सर, कलाकाराचं काही नसतंच," साहेब भारावून म्हणाले. "सगळं जनतेचं असतं." मग माझ्याकडे वळून मराठीत, "बघितलंत? आपले लोक एक शिरेल केली की जमिनीवर पाय ठेवत नाहीत."

त्यांनी रिहर्सलला दोन गाणी म्हटली. आवाज खालच्या पट्टीत दाणेदार होता, वर गेला की जरा चिरकत होता. स्वर लागला नाही की ते थांबून हसत आणि साउंडवाल्याला म्हणत, "ही जागा सोपी करून गातो, लोकांना कळत नाही." साउंडवाला त्यांच्यावर खूश होता. एवढा मोठा माणूस, पण कटकट नाही. मॉनिटरचा स्पीकर जरा पुढे घ्या म्हणून एकदा सांगितलं, तेही 'जमलं तर' म्हणून.

दुपारी त्यांनी मला विचारलं, जवळपास चांगला मासा कुठे मिळेल? हॉटेलातल्या माशाला त्यांच्या मते चेहरा नव्हता. डोकं आणि शेपूट काढून टाकलेला, सॉस घातलेला तो पांढरा तुकडा कोणत्या जातीचा हेही कळत नाही, असं ते म्हणाले. मी मूळची मालवणकडची, लग्नानंतर पुण्याची. माशाबद्दल असं बोलणारा माणूस हॉटेलात उपाशी ठेवणं मला जमलं नाही. मी घरी फोन केला आणि नवऱ्याला शारजाच्या मासळी बाजारात पाठवलं.

आम्ही अल नहदाला राहतो, शारजाच्या बाजूला. खिडकीतून दुबई दिसते आणि तिथे पोचायला तासभर लागतो. त्या दिवशी उलट्या बाजूला तेवढाच वेळ लागला. ते गाडीत कंटाळले नाहीत. प्रत्येक टॉवरच्या गच्चीवर, बाल्कनीत वाळत घातलेले कपडे बघत होते. "माझं लहानपण अशाच इमारतीत गेलं," म्हणाले. "फक्त आमच्या बाल्कनीत सहा घरांचे कपडे असत."

घरी नवऱ्याने पॉपलेट आणलं होतं आणि सुरमई. मी तळलेलं पॉपलेट, सुरमईचं कालवण, भात आणि सोलकढी केली. सोलकढीचा रंग बघून ते थोडे बिचकले, एक घोट घेतला आणि पेला पुढे केला. पॉपलेटचं डोकं त्यांनी आपणहून ताटात घेतलं आणि अशा सफाईने खाल्लं की नवरा बघतच राहिला. आमच्या घरात डोकं कुणी खात नाही, त्यामुळे ते गेली कित्येक वर्षं तो एकटाच खातो आणि आपल्यावर अन्याय होतो असं म्हणतो. त्या दिवशी त्याला पहिल्यांदा वाटेकरी भेटला आणि त्याला ते फारसं आवडलं नाही.

आमची मुलगी चौदा वर्षांची. ती कोरियन गाणी ऐकते. कँटोनीज गायक जेवायला येणार म्हटल्यावर ती म्हणाली होती, "ममा, दॅट्स अ डिफरंट कंट्री." तरीही ती जेवताना टेबलाखाली फोनवर काहीतरी बघत होती. मग उठून स्वयंपाकघरात माझ्यामागे आली आणि फोन माझ्या नाकासमोर धरला.

"ममा, दिस इज नॉट हिम."

"म्हणजे?"

"सेम नेम. डिफरंट पर्सन. लुक ॲट द इअर्स."

मी कान पाहिले. फोनवरच्या माणसाचे कान डोक्याला चिकटलेले होते. बाहेर जेवत असलेल्या माणसाचे कान सुटे, बाहेर आलेले. बट गळू शकते, गाल उतरू शकतात. कान उगवत नाहीत. मी गॅस बंद केला. पाटी, स्टँडी, आमंत्रणपत्रिका, बिल्डरच्या वेबसाइटवरचं पान, सगळीकडे ते चिकटलेले कान छापलेले होते आणि कार्यक्रम उद्या संध्याकाळी होता.

मी बाहेर आले. पाण्याचा जग उगाच पुढे सरकवला. मुलगी मात्र त्यांच्यासमोर बसली आणि इंग्रजीत सरळ विचारलं, "तुम्ही ते नाही आहात ना?"

"नाही," ते म्हणाले, आणि बोटं पुसली. "मी दुसरा."

"मग तुम्ही सांगितलं का नाही?" हे मी विचारलं. आवाज जरा चढलाच असावा.

"सांगत होतो," ते म्हणाले. "पहिल्या दिवसापासून. एजंटलाही सांगितलं. तो म्हणाला, करारात तुमचंच नाव आहे. होतं. फोटो मी इथे आल्यावर पाहिला." आणि पुढे म्हणाले, "पण तुमच्या साहेबांना मी तीनदा सांगितलं, आणि दर वेळी त्यांनी माझा हात हातात घेतला."

जेवणानंतर त्यांनी जे सांगितलं ते मी इथे माझ्या भाषेत सांगते.

वडील कपड्यांच्या कारखान्यात शिवणकाम करत. शाळेतल्या मास्तरीणबाई प्रत्येक मुलाला एक इंग्रजी नाव देत, कारण चिनी नावं शाळेच्या इंग्रज साहेबाला उच्चारता येत नसत. यांच्या वाट्याला जे आलं ते दुसऱ्या कुठल्याशा शाळेतल्या दुसऱ्या मुलाच्याही वाट्याला आलं. पुढे टीव्ही कंपनीने नटांचा प्रशिक्षणवर्ग काढला. त्यात दोघे एकाच बाकावर येऊन बसले. आडनावही एकच, इंग्रजी नावही एकच. लिहिताना चिनी अक्षरं वेगळी, पण रोमन लिपीत काही फरक नाही. वर्गाच्या प्रमुखांनी सांगितलं, एकाने नाव बदला. दोघांनीही नकार दिला. म्हणून कँटीनमध्ये लोक एकाला 'थोरला' आणि दुसऱ्याला 'धाकटा' म्हणू लागले. आमचे पाहुणे वयाने मोठे होते, पण धाकटा तेच झाले, कारण थोरल्याला तोपर्यंत पहिली प्रमुख भूमिका मिळाली होती.

मग गाणं. त्यांनी एका मालिकेचं शीर्षकगीत म्हटलं आणि ते शहरभर वाजलं. रिक्षा, न्हाव्याची दुकानं, लग्नाच्या मेजवान्या असं आपण म्हणू, तसं तिथे जे काय असतं तिथे सगळीकडे. थोड्याच दिवसांत लोक समजू लागले की ते थोरल्यानेच म्हटलंय. थोरल्याला रस्त्यात थांबवून लोक ते गाणं म्हणायला सांगत. तो बिचारा खुलासा करी. लोकांना तो विनयशील वाटे.

सिनेमात हे नायकाचा मित्र होत. मित्र म्हटल्यावर मरणं आलंच. "मी पाण्यात मेलो, आगीत मेलो, जिन्यावरून पडून मेलो," ते म्हणाले. "एकदा नायकाऐवजी गोळी खाताना दिग्दर्शक म्हणाला, जरा लवकर मर, जेवणाची सुट्टी होतेय."

खरं नाव झालं ते एका लांबलचक कौटुंबिक मालिकेत. त्यात ते सासूला छळणारा, तिची मिठाईची दुकानं गिळंकृत करणारा जावई होते. लोक रोज जेवताना ती मालिका बघत. मालिका चालू असताना बाजारातल्या कोळणी त्यांना मासा विकत नसत. एकीने तर वजनकाटा उलटा करून ठेवला. खऱ्या सासूबाईंनी घरात त्यांच्याशी बोलणं सोडलं, का विचारलं तर म्हणाल्या, "तुझ्या पोटात काय आहे ते आता कळलं."

नवऱ्याने इथे पहिल्यांदा मान वर केली. "मग तुम्ही काय केलं?"

"मालिका संपेपर्यंत मेहुणीकडे जेवलो."

मग वारं बदललं. कँटोनीज गाण्यांची मागणी घटली, नवी पोरं आली, सिनेमे कमी झाले. ते कुटुंबाला घेऊन कॅनडात गेले, तिथे विमा विकला, वाईट विकला, बायको-मुलगा तिथेच राहिले आणि हे परत आले. मध्ये एकदा वैतागून त्यांनी नावही बदललं होतं. वर्षभर नव्या नावाने एकही फोन आला नाही. मग जुनं नाव परत घेतलं. "जुन्या नावाने निदान चुकून तरी फोन येतात," ते म्हणाले. त्यात रडगाणं नव्हतं. अमुक बस थेट जाते, तमुक बदलावी लागते, अशा सुरात ते सांगत होते.

त्यांना हॉटेलवर सोडून मी गाडीतूनच साहेबांना फोन लावला. सगळं ऐकून साहेब म्हणाले, "ताई."

मी ओळखलं.

"ताई, खरं सांगा, त्या लोकांना फरक कळेल?"

"सर, तुम्हाला दोन मराठी नटांतला फरक कळतो का?"

"तो कळणारच. ते आपले आहेत."

"हे त्यांचे आहेत."

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब हॉटेलवर हजर. रात्रभर विचार करून त्यांनी एक उपाय काढला होता. पाहुण्यांनी काळा चष्मा लावावा, हॅट घालावी, स्टेजवर धूर जरा जास्त सोडावा. मी हे सगळं इंग्रजीत सांगत असताना पाहुणे मन लावून ऐकत होते.

"काळा चष्मा लावून मी पूर्वी गायलोय," ते म्हणाले. "मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर. लोकांनी ओळखलं." मग त्यांनी विचारलं, "तुमचे पाहुणे साधारण किती वयाचे?"

"साठीच्या आसपास. बरेचसे पुढचेच."

"मग चष्मा राहू दे," ते म्हणाले. "फोटो तेवढे काढून टाका. दुसऱ्याच्या चेहऱ्याखाली उभं राहिलं की मान अवघडते."

फोटो काढून टाकायचे म्हणजे पुन्हा छापणं आलं, आणि तेवढा वेळ नव्हता. साहेबांनी गोदामातल्या पोरांना चिनी बाजारात पिटाळलं. तिथून सोनेरी-लाल, ताटाएवढी स्टिकरं आली. त्यांच्या सणाला दारावर लावतात ते, भाग्य या अर्थाचं अक्षर. ते प्रत्येक फोटोवर बरोबर तोंडाच्या जागी चिकटवलं. चिकटवणाऱ्यांना अक्षराचं वर-खाली कळलं नाही आणि सगळी स्टिकरं उलटी लागली. पाकिटावरचं चित्र पाहून हे लक्षात आलं, तेव्हा साहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. संध्याकाळी हाँगकाँगची मंडळी आली, स्टँडीसमोर थांबली आणि माना डोलावू लागली. मागून कळलं की ते अक्षर उलटंच लावायची रीत आहे. उलटं म्हणजे भाग्य घरात उतरलं. बिल्डरच्या माणसाला कुणीतरी हे समजावलं, तेव्हा तो साहेबांना म्हणाला, "तुमचा कल्चरल रीसर्च जबरदस्त आहे." साहेबांनी नम्रपणे मान झुकवली.

दिवे मंदावले. पडद्यावर टॉवर उगवला, त्याच्या बाल्कनीत कुणीतरी कॉफी प्यायलं, सूर्य मावळला. निवेदिकेने नाव पुकारलं. मी विंगेत उभी होते. खरं सांगायचं तर मी मनात एक-दोन वाक्यं तयार ठेवली होती. लोक उठून गेले, कुजबुजले, हसले, तर नंतर त्यांना काय म्हणायचं ती. वाईट वाटून घेऊ नका, वगैरे.

ते आपल्या साध्या करड्या कोटात स्टेजवर आले. टाळ्या सुरू झाल्या आणि मध्येच थांबल्या. साहेबांनी माझ्या शेजारी उभं राहून डोळे मिटले.

पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या बाईंनी शेजारणीचा दंड धरला आणि एक शब्द उच्चारला. शेजारणीने तो मागच्या रांगेला दिला. क्षणात तो शब्द सगळ्या टेबलांवरून फिरला, आणि मग जे हसू फुटलं तसं मी आमच्या कुठल्याच कार्यक्रमात ऐकलेलं नाही. तो शब्द म्हणजे त्या मालिकेतल्या जावयाचं नाव होतं. मागून एक गृहस्थ काहीतरी ओरडले, त्यावर आणखी हशा. त्याचा अर्थ मला पुढे पाहुण्यांनीच सांगितला. "आधी सासूची माफी माग, मग गा."

त्यांनी मागितली. माइक खाली ठेवला, स्टेजच्या पायऱ्या उतरून त्या पुढच्या रांगेतल्या बाईंसमोर आले, एक गुडघा टेकला आणि मालिकेतल्यासारखं तोंड पाडून काहीतरी बोलले. बाईंनी आधी त्यांचा कान धरला, तोच सुटा कान, मग गालावर हात ठेवला. मग ते वर गेले आणि ते शीर्षकगीत सुरू केलं. पहिल्या ओळीनंतर त्यांना गावंच लागलं नाही. वरची जागा आली, जिथे आवाज चिरकायचा, ती सगळ्या सभागृहाने उचलली. काही बायका डोळे पुसत होत्या आणि पुसता पुसता समोरचे डंपलिंगही संपवत होत्या.

मी तयार ठेवलेली वाक्यं कुठे ठेवावी ते मला कळेना.

शेवटी त्यांनी त्या पोलिसाच्या सिनेमातलंही गाणं म्हटलं. त्याआधी ते दोन वाक्यं बोलले, त्यावर लोक टेबलं बडवून हसले. म्हणाले होते, "हे माझ्या मित्राचं गाणं. या गाण्यासाठी लोक इतकी वर्षं चुकून माझी पाठ थोपटतात, आज एकदा काम करून शाबासकी घेतो."

बिल्डरचा माणूस खूश झाला. त्याला यातला एकही शब्द समजला नव्हता. "हे खरं स्टार पॉवर," तो म्हणाला. साहेब म्हणाले, "मी आधीच म्हटलं होतं, ब्रँड आहे." मग माझ्याकडे वळून हळूच, "काय मॅडम, उगाच टेन्शन घेत होता तुम्ही."

लिफ्टपाशी एक स्टँडी स्टिकर लावायचा राहून गेला होता. कार्यक्रम संपल्यावर मंडळी त्याच्याभोवती जमली आणि पाहुण्यांना सही करायला लावली. थोरल्याच्या छातीवर त्यांनी आपली सही केली, चिनी अक्षरांत, म्हणजे रोमनमध्ये जे एक होतं ते तिथे स्पष्ट वेगळं दिसलं. मग कुणीतरी म्हणालं म्हणून त्यांनी फोटोला पेनने मिशी काढली आणि कान थोडे बाहेर ओढले.

फ्लॅट किती गेले ते साहेबांनी आम्हाला सांगितलं नाही, पण बिल्डरने पुढचं कामही आम्हालाच दिलं. टॉवरचा खड्डा मात्र झाला. मी परवाच तिकडून गेले, त्यात पाणी साचलं होतं. पाहुण्यांचंही पुढे बरं चाललंय. त्यांचा मधूनमधून मेसेज येतो. हल्ली ते एका नाटकात आहेत, आजोबांच्या भूमिकेत, आणि मोठ्या कौतुकाने सांगतात की या आजोबांना लेखकाने शेवटपर्यंत जिवंत ठेवलंय.

त्यांचं विमान कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी होतं. मी विचारलं, काय बघायचं? उंच मनोरा, मॉल, वाळवंट? ते म्हणाले, तो टॉवर जिथे होणार तो समुद्र दाखवा. म्हणून आम्ही अजमानला गेलो. किनाऱ्यावर शुक्रवारची गर्दी होती. पोरं वाळूत फुटबॉल खेळत होती, एक गुजराती कुटुंब डबे उघडून बसलं होतं. आम्ही कठड्यावर बसून कागदी पेल्यातला कडक चहा घेतला, इथे 'करक' म्हणतात त्याला. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. व्हिडिओ कॉल. ते कँटोनीजमध्ये बोलू लागले, हसू लागले, हातवारे करून स्टिकर, मिशी, कान सगळं सांगितलं. पलीकडून त्याहून मोठं हसणं. मग त्यांनी अचानक फोन माझ्या हातात दिला.

पडद्यावर तो चेहरा होता. बट पांढरी झालेली, कान चिकटलेले. ज्याचा सिनेमा लागला की माझा नवरा जेवण अर्धवट सोडतो, तो.

"हॅलो," तो म्हणाला. "तिथे फार गरम आहे का?"

"नाही," मी म्हणाले. "आता बरं आहे."

"चांगलं," तो म्हणाला. "त्याने नीट गायलं ना?"

"नीट गायलं."

"हं," तो म्हणाला, "तो नीटच गातो. माझ्या नावाने त्याला बोलावत जा, मला काही हरकत नाही. मला हल्ली प्रवास झेपत नाही."

मी थँक यू म्हणून फोन परत दिला. घरी सांगितल्यावर नवऱ्याने विचारलं, आणखी काय बोललीस? काही नाही म्हटल्यावर त्याने ज्या नजरेने पाहिलं, ती त्याने पॉपलेटच्या डोक्यासाठीही वापरली नव्हती.

विमानतळाकडे निघालो तेव्हा शारजाच्या हद्दीत गाड्या तुंबल्या होत्या. ते थोडा वेळ बोलले, मुलाबद्दल, कॅनडातल्या बर्फाबद्दल. मग बोलता बोलताच डोळा लागला. मी रेडिओ बंद केला आणि एसीचा झोत त्यांच्या गळ्यावर येत होता तो माझ्याकडे वळवून घेतला. पुढे सिमेंटचा ट्रक होता, तो हलला की आम्ही हलत होतो. विमानाला अजून वेळ होता.